शिक्षकाचे अपील व थकलेले वेतन

बोईसरसारख्या गावी जिल्हा परिषदेची शाळा, खाजगी संस्थेची शाळा आणि महाविद्यालय ही एकमेकांपासून फार दूर नसतात. तिन्ही ठिकाणचे काम अध्यापनाचेच. परंतु सेवेतून कमी केल्यास दाद मागण्याचे ठिकाण मात्र प्रत्येकाचे निराळे आहे. चुकीच्या ठिकाणी अर्ज करण्यात मुदत निघून जाते, ही नेहमीची हानी होय.

जिल्हा परिषदेच्या शिक्षकास 1964 चे जिल्हा सेवा (शिस्त व अपील) नियम लागू आहेत. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांनी दिलेल्या शिक्षेविरुद्ध अपील विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे पालघर जिल्ह्यापुरते कोकण विभागाच्या आयुक्तांकडे, करावे लागते. खाजगी शाळेतील शिक्षकास 1977 च्या सेवाशर्ती अधिनियमाच्या 9 व्या कलमान्वये, आदेश हाती पडल्यापासून 30 दिवसांच्या आत, शाळा न्यायाधिकरणाकडे जाता येते. महाविद्यालयीन प्राध्यापकांसाठी 2016 च्या विद्यापीठ अधिनियमाखालील स्वतंत्र न्यायाधिकरण आहे. तारापूरच्या कारखान्यांतील परिचितांनी कामगार न्यायालयाची वाट दाखविली तरी ती धरू नये. 1947 च्या औद्योगिक विवाद अधिनियमातील व्याख्येप्रमाणे शिक्षक हा ‘कामगार’ नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने गोव्यातील एका शिक्षिकेच्या प्रकरणात 1988 साली ठरविले.

अपिलात काय लिहावे, हे औरंगाबाद (आताचे छत्रपती संभाजीनगर) येथील एका खाजगी प्राथमिक शाळेच्या प्रकरणावरून चांगले कळते. महानगरपालिकेने शाळेच्या इमारतीवर कर आकारला, तेव्हा व्यवस्थापनाने 2005 च्या डिसेंबरात प्रत्येक कर्मचाऱ्याकडून त्यासाठी दरमहा 1500 रुपये मागितले. कर्मचाऱ्यांनी नकार दिला. त्यांपैकी एका शिक्षिकेस पुढे 25 मेमो देण्यात आले. त्यांची उत्तरे लिहिण्यातच बाईंचा किती वेळ गेला असेल! 14 नोव्हेंबर 2006 रोजी त्यांना निलंबित करण्यात आले. या निलंबनास जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शिक्षणाधिकाऱ्यांनी मान्यता दिली नाही. तरीही 15 जून 2007 रोजी सेवा समाप्त करण्यात आली.

न्यायाधिकरणाने 2009 साली सेवासमाप्ती रद्द करून पूर्ण थकीत वेतन देण्याचा आदेश दिला. उच्च न्यायालयाने सेवासमाप्ती रद्दच ठेवली, परंतु मधल्या काळात आपण अन्यत्र नोकरी करीत नव्हतो हे शिक्षिकेने सिद्ध केले नाही, या कारणास्तव थकीत वेतन नाकारले. म्हणजे नोकरी परत मिळाली, पण मधल्या वर्षांचा पगार गेला. सर्वोच्च न्यायालयाने 12 ऑगस्ट 2013 रोजी हे मत अमान्य केले. सेवासमाप्ती बेकायदेशीर ठरली असता थकीत वेतन देणे हाच सामान्य नियम होय. आपण अन्यत्र अर्थार्जन करीत नव्हतो, अथवा कमी वेतनावर काम करीत होतो, एवढे शिक्षकाने आपल्या अर्जात स्पष्ट नमूद करावे. त्यानंतर त्याउलट सिद्ध करण्याची जबाबदारी व्यवस्थापनावर येते. शिक्षिकेने ते विधान केलेले होते आणि व्यवस्थापनापाशी त्याविरुद्ध पुरावा नव्हता. न्यायालयाने पूर्ण वेतन 4 महिन्यांच्या आत देण्यास फर्माविले.