दोन खुणांची लिपी

‘अबजद’ तुम्हांला ठाऊक असेल. या पद्धतीत प्रत्येक अक्षराला एक अंक असतो. अलिफचा १, बेचा २, जीमचा ३. उर्दू कवी शब्दांतील अंकांची बेरीज करून एखाद्या घटनेचे साल सांगत असत. संगणकही अक्षरांना अंकांनीच ओळखतो. पण त्याची रीत थोडी वेगळी आहे.

‘बाब’ हा शब्द घ्या. उर्दूत तो बे, अलिफ, बे असा लिहितात. अबजदप्रमाणे बेरीज होते ५. आता ‘जब’ घ्या. जीम आणि बे. बेरीज पुन्हा ५! म्हणजे नुसत्या बेरजेवरून मूळ शब्द परत मिळत नाही. म्हणून संगणक बेरीज करत नाही. तो प्रत्येक अक्षराचा अंक वेगळा आणि क्रमाने लिहून ठेवतो.

हे अंक तो लिहितो कसे? संगणकात विजेची अतिसूक्ष्म बटणे असतात, असे समजा. बटण बंद म्हणजे ० आणि चालू म्हणजे १. अशा एका खुणेला ‘बिट’ म्हणतात. एका बिटने दोन गोष्टी सांगता येतात, तर दोन बिटांनी चार : ००, ०१, १०, ११. एक बिट वाढला की ही संख्या दुप्पट होते. सात बिटांनी १२८ चिन्हे दाखवता येतात.

१९६३ साली अमेरिकेत ‘आस्की’ नावाचे सात बिटांचे कोष्टक तयार झाले. त्यात इंग्रजीतील मोठ्या ‘ए’चा अंक ६५ आहे. बिटांच्या घरांची किंमत उजवीकडून १, २, ४, ८, १६, ३२, ६४ अशी असते. ६५ म्हणजे ६४ अधिक १. म्हणून तो १०००००१ असा लिहितात.

या १२८ घरांत ना मराठीचा ‘अ’ होता, ना उर्दूचा अलिफ. मग निरनिराळी कोष्टके निघाली. एका संगणकावर लिहिलेले मराठी पत्र दुसऱ्यावर उघडले, तर कित्येकदा अर्थहीन चिन्हे दिसत. बिट तेच, पण कोष्टक निराळे!

ही अडचण दूर करण्यासाठी जगातील लिपींसाठी एकच कोष्टक करण्यात आले. त्याचे नाव युनिकोड. त्याची पहिली आवृत्ती १९९१ मध्ये निघाली. त्यात ‘अ’ला २३०९, अलिफला १५७५ आणि बेला १५७६ हा अंक आहे. म्हणून ‘बाब’ म्हणजे १५७६, १५७५, १५७६. यातून शब्द जसाच्या तसा परत मिळतो.

तरीही सावध राहायला हवे. अरबी काफचा अंक १६०३, तर उर्दू काफचा १७०५ आहे. शब्दाच्या सुरुवातीला व मध्ये दोन्ही सारखेच दिसतात. एखाद्याने ‘करीम’ हे नाव यादीत अरबी काफने लिहिले आणि तुम्ही उर्दू काफने शोधले, तर नाव यादीत असूनही सापडणार नाही, असे होऊ शकते. आपले डोळे आकार पाहतात, संगणक अंक पाहतो!

आता वहीत एक गणित करा. ‘ए’ ६५, तर ‘बी’ ६६. मग ‘बी’ सात बिटांत कसा लिहाल?