बोरघाटाची वाट

मुंबईहून पुण्यास जाणाऱ्या मंडळींस हल्लीं घाट केव्हां लागला व केव्हां सरला याची फारशी दाद नसते. मुलें खिडकीसाठीं भांडत असतात, वडील माणसें डोळे मिटून स्वस्थ बसलेलीं असतात, आणि वाहनांची गर्दी नसली तर खोपोलीपासून खंडाळ्यापर्यंतची ती उभी चढण कांहीं मिनिटांत मागें पडते. परंतु ह्याच चढणीनें सुमारें दोन हजार वर्षें कोंकण आणि देश यांच्यामध्यें दाराचें काम केलें आहे. तें दार कोणासाठीं उघडलें आणि कोणाच्या श्रमानें उघडलें, हें आपणांस ठाऊक असावें, म्हणून बोरघाटाच्या वाटेची हकीकत आज वाचकांपुढें ठेवण्याचें आम्हीं योजिलें आहे.

वाट मुळांत फार जुनी. कल्याण, चौल इत्यादि बंदरांतील माल सह्याद्रीच्या ज्या खिंडींतून देशावर चढे, त्यांतील ही एक. घाटमाथ्यावरून थोडें पुढें गेलें कीं भाजें व कार्लें येथील लेणीं लागतात. कार्ल्याच्या चैत्यगृहांतील लेखांत वैजयंतीच्या श्रेष्ठीचें आणि यवन दात्यांचेंहि नांव आढळतें. एवढीं दानें जेथें झालीं, तेथून व्यापाऱ्यांचे तांडे नित्य जात असले पाहिजेत. वाटेवर नजर ठेवावयास राजमाचीचा किल्ला होता. पुढें पेशवाईंत नाना फडणिसांनीं पायथ्याशीं खोपोलीस महादेवाचें देऊळ व प्रशस्त तळें बांधिलें. घाट चढण्यापूर्वीं थकल्या माणसास व बैलास पाणी मिळावें, यापेक्षां वाटसरूच्या उपयोगाचें पुण्यकर्म तें कोणतें?

तथापि वाट असणें निराळें आणि रस्ता असणें निराळें. माणूस, घोडा व लादलेला बैल एवढीं चढत. चाकाची गाडी चढणें कठीण. ह्या अडचणीचा आम्हां मराठ्यांना एकदां चांगला उपयोगहि झाला. रघुनाथरावांचा पक्ष घेऊन पुण्यावर निघालेली कंपनीची फौज तोफा व सामानसुमान ओढीत मोठ्या मंदगतीनें घाट चढली, तोंपर्यंत पुणेंकर सावध झाले. मुलूख उजाड करून शत्रूची रसद तोडण्यांत आली, आणि जानेवारी १७७९ मध्यें वडगांवास त्या फौजेला नमतें घेऊन तह करावा लागला.

इंग्रजांनीं हा धडा ध्यानांत ठेविला. इ. स. १८०४ च्या सुमारास जनरल वेलस्ली यानें ही वाट सुधारून घेतली. तरीहि ती इतकी उभी राहिली कीं, १८२५ सालीं येथून गेलेल्या बिशप हेबर यांस घाटांत लोक पायीं किंवा घोड्यावर जातांना व माल जनावरांच्या पाठीवर चढतांना दिसला. खरा गाडीरस्ता झाला तो गव्हर्नर सर जॉन माल्कम यांच्या कारकीर्दींत. कॅप्टन ह्यूज यांच्या देखरेखीखालीं तो बांधिला गेला आणि १० नोव्हेंबर १८३० रोजीं खुला झाला. मुंबईहून पनवेलपर्यंत गलबतानें यावें व तेथून गाडीनें थेट पुणें गांठावें, अशी सोय त्यामुळें झाली. पेशवाई बुडून अवघीं बारा वर्षें झालीं होतीं. तोफ आणि कापूस या दोहोंस एकच रस्ता पुरतो, हें राज्यकर्त्यांस पक्कें कळलें होतें!

पुढें पाव शतकानें रस्त्यास सोबतीण आली ती आगगाडी. घाटांतील लोहमार्गाचें काम १८५६ मध्यें सुरू होऊन १८६३ सालीं संपलें. सदतीस फुटांस एक फूट असा चढ आणि पंचवीस बोगदे! कामाच्या भरांत चाळीस हजारांवर मजूर येथें राबत होते. मजुरीच्या वादावरून १८५९ च्या आरंभीं त्यांनीं दंगा केला, व फॅव्हिएल नांवाच्या कंत्राटदारास काम सोडावें लागलें. त्याच्या जागीं आलेला सॉलोमन ट्रेडवेल त्याच वर्षीं वारला. तेव्हां त्याच्या पत्नीनें, ॲलिस ट्रेडवेल हिनें, कंत्राट आपल्याकडे ठेवून हाताखालच्या इंजिनियरांकरवीं काम तडीस नेलें. आमच्या भगिनींनीं ही गोष्ट अवश्य लक्षांत ठेवावी. परंतु पटकीनें, तापानें आणि सुरुंगाच्या स्फोटांनीं जे मजूर तेथेंच संपले, त्यांचीं नांवें मात्र कोठेंहि लिहिलेलीं नाहींत.

आगगाडीनें गाडीरस्त्याचें महत्त्व कांहीं काळ हिरावून घेतलें. मोटारींनीं तें परत आणिलें, आणि फिरून घाट अपुरा पडूं लागला. तेव्हां कळंबोलीपासून देहूरोडजवळच्या किवळ्यापर्यंत सुमारें ९४.५ किलोमीटर लांबीचा सहापदरी द्रुतगति मार्ग राज्य रस्ते विकास महामंडळानें बांधिला. तो २००२ सालीं पूर्णपणें खुला झाला. तरी गंमत अशी कीं, घाटाच्या अवघड भागांत नवा मार्ग आणि जुना महामार्ग एकत्रच येत, आणि जेथें मोकळीक हवी तेथेंच कोंडी होई. हें टाळण्याकरितां सुमारें १३ किलोमीटरांची निराळी वाट, लांब बोगदे व उंच पूल यांसह, काढण्याचें काम २०१९ सालीं हातीं घेण्यांत आलें. खंडाळ्याजवळचा १८३० चा कमानींचा पूल, ज्यास औषधाच्या जाहिरातीवरून लोक ‘अमृतांजन पूल’ म्हणत, तो वाहतुकीस अडचणीचा ठरून एप्रिल २०२० मध्यें पाडण्यांत आला. सोय झाली हें खरें. पण एकशें नव्वद वर्षांचा साक्षीदार गेला, हेंहि तितकेंच खरें.

घाटांत शिंग्रोबाचें एक लहानसें देऊळ आहे. साहेबांस घाटाची वाट एका धनगरानें दाखविली, बक्षीस म्हणून त्यानें देशाचें स्वातंत्र्य मागितलें, व त्यापायीं तो प्राणास मुकला, अशी दंतकथा सांगतात. ती इतिहासाच्या कसोटीस उतरो वा न उतरो. गव्हर्नर व कप्तान यांचीं नांवें कागदोपत्रीं राहिलीं आणि वाट जाणणाऱ्या, दगड फोडणाऱ्या सामान्य माणसाची आठवण लोकांनींच देऊळ बांधून राखली, एवढा त्यांतील अर्थ निःसंशय खरा आहे. तेथें गाडी हळू करून नाणें वाहणारा चालक तें ऋणच फेडीत असतो.

आम्हांस वाचकांस सुचवावयाचें तें इतकेंच. पुढील खेपेस घाट चढतांना मुलांस ही हकीकत सांगावी, आणि गाडी हांकणाऱ्यास घाई करूं नये. द्रुतगति मार्गावरहि अपघात होतात व भरलीं घरें क्षणांत उजाड होतात. ज्या वाटेसाठीं पूर्वीं इतके जीव खर्चीं पडले, तीवर अर्ध्या घटकेच्या बचतीसाठीं आणखी एकहि जीव जाऊं नये.