दुसरे महायुद्ध, छळग्रस्त अल्पसंख्याक आणि दक्षिण महाराष्ट्र : वळिवडे व सातारा येथील अनुभवांचा तौलनिक विचार

प्रस्तावना

युद्धकाळात अल्पसंख्याकांचा होणारा छळ हा आपल्याकडे सामान्यतः युरोपच्या इतिहासाचा विषय मानला जातो. तथापि दुसऱ्या महायुद्धात अशा छळाला बळी पडलेली माणसे कृष्णा-पंचगंगेच्या परिसरातही येऊन राहिली होती. त्यांपैकी काहींना येथे आश्रय मिळाला, तर काहींच्या वाट्याला नजरकैद आली. हा भेद कोणत्या निकषावर झाला, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

वळिवडे : आश्रयाची वसाहत

१७ सप्टेंबर १९३९ रोजी सोव्हिएत फौजा पूर्व पोलंडमध्ये शिरल्या. या भागातील अनेक जिल्ह्यांत युक्रेनी व बेलारूसी लोक बहुसंख्य होते आणि पोलिश समाज अल्पसंख्य होता. फेब्रुवारी १९४० ते जून १९४१ या काळात चार मोठ्या लाटांमध्ये लोकांना सायबेरिया व कझाकस्तानकडे हद्दपार करण्यात आले. सोव्हिएत कागदपत्रांनुसार त्यांची संख्या सुमारे ३ लाख २० हजार होती. पूर्वीचे अंदाज याहून बरेच मोठे आहेत. जून १९४० च्या लाटेत जर्मनव्याप्त पोलंडमधून पळून आलेल्या ज्यूंचे प्रमाण मोठे होते.

जर्मनीने सोव्हिएत संघावर आक्रमण केल्यानंतर ३० जुलै १९४१ रोजी पोलंडचे निर्वासित सरकार व सोव्हिएत संघ यांच्यात करार झाला आणि हद्दपारांच्या सुटकेचा मार्ग मोकळा झाला. १९४२ मध्ये त्यांतील अनेक जण इराणमध्ये पोहोचले. तेथून काही गट कराचीमार्गे भारतात आले. नवानगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांनी बालाचडी येथे पोलिश मुलांना आसरा दिला. १९४३ मध्ये कोल्हापूर संस्थानात, मिरज-कोल्हापूर लोहमार्गालगत वळिवडे येथे मोठी वसाहत उभी राहिली. तेथे सुमारे ५ हजार लोक राहत. त्यांत स्त्रिया व मुलेच अधिक होती. वसाहतीत शाळा, चर्च, रुग्णालय व नाट्यगृह होते. प्रकृतीने अशक्त असलेल्या मुलांसाठी सातारा जिल्ह्यातील पाचगणी येथे सोय करण्यात आली होती.

सातारा व पुरंदर : नजरकैदेची केंद्रे

याच काळात याच प्रदेशात दुसरे चित्र दिसते. १९३३ नंतर नाझी छळातून निसटलेले काही ज्यू भारतात आले होते. १९३४ मध्ये मुंबईत स्थापन झालेली ज्यू साहाय्य संघटना त्यांना मदत करीत असे. मात्र सप्टेंबर १९३९ मध्ये युद्ध सुरू होताच जर्मन पारपत्र बाळगणारे पुरुष ‘शत्रुदेशीय’ म्हणून अटकेत गेले. चौकशीनंतर अनेकांची सुटका झाली, परंतु १९४० च्या उन्हाळ्यात फ्रान्सचा पाडाव होत असताना पुन्हा धरपकड झाली. पुढे पुरंदर व सातारा येथील केंद्रांत जर्मन कुटुंबांना ठेवण्यात आले. मिशनरी आणि ज्यू निर्वासित अशा परस्परभिन्न लोकांना तेथे एकाच नियमाखाली राहावे लागले.

यातील विसंगती लक्षणीय आहे. २५ नोव्हेंबर १९४१ च्या आदेशाने जर्मनीने परदेशस्थ ज्यूंचे नागरिकत्व काढून घेतले होते. म्हणजेच ज्यांना जर्मनी आपले मानत नव्हती, त्यांना ब्रिटिश प्रशासन जर्मन मानत होते.

निकष कोणता?

वळिवडेचे पोलिश आणि नजरकैदेतील ज्यू हे दोघेही छळग्रस्तच होते. पोलंड मित्रराष्ट्र होते आणि वसाहतीचा खर्च उचलणारे सरकार लंडनमध्ये होते. ज्यूंच्या मागे कोणतेच सरकार नव्हते. अर्थात, माणसाने काय सोसले यापेक्षा त्याच्या पारपत्रावर कोणत्या देशाचे नाव आहे, हे निर्णायक ठरले. हा आश्रयही राजकारणाच्या अधीनच होता. ५ जुलै १९४५ रोजी ब्रिटनने लंडनस्थित पोलिश सरकारची मान्यता काढली आणि वळिवडेवासीयांचे पाठबळ गेले. त्यांची मूळ गावे सोव्हिएत हद्दीत गेल्याने बहुतेकांना परतणे अशक्य झाले. १९४८ पर्यंत ते ब्रिटन, आफ्रिका, ऑस्ट्रेलिया अशा ठिकाणी विखुरले. त्यांच्या रिकाम्या बराकींत फाळणीमुळे विस्थापित झालेले सिंधी कुटुंबीय आले; तेच आजचे गांधीनगर होय.

समारोप

या अनुभवांतून जगाने काही धडा घेतला. १९४९ च्या चौथ्या जिनिव्हा कराराच्या कलम ४४ नुसार, ज्यांना कोणत्याही सरकारचे संरक्षण नाही अशा निर्वासितांना केवळ शत्रुराष्ट्राच्या नागरिकत्वामुळे शत्रू मानता येत नाही. भारताने हा करार स्वीकारला आहे. तरीही १९६२ च्या युद्धात सुमारे ३ हजार चिनी वंशाच्या रहिवाशांना राजस्थानातील देवली येथे स्थानबद्ध करण्यात आले. त्यांतील अनेकांचा जन्म भारतातच झाला होता. भारताने १९५१ च्या निर्वासितविषयक करारावर स्वाक्षरी केलेली नाही आणि निर्वासितांसाठी येथे स्वतंत्र सर्वसमावेशक कायदाही नाही. त्यामुळे आश्रय हा हक्क न राहता शासनाच्या तत्कालीन धोरणाचा भाग राहतो. वळिवडेच्या औदार्याचा अभिमान बाळगताना सातारा-पुरंदरची नजरकैदही स्मरणात ठेवली, तरच या इतिहासाचा पूर्ण अर्थ हाती येईल.