अख्खी रान आणि कारखान्याची भट्टी

श्रावणापूर्वीचा आखाड असो, ईद असो की नाताळ. पिंपरी-चिंचवडच्या अनेक घरांत त्या दिवशी मटणाचा बेत ठरलेला असतो. रश्श्यासाठी मटणाचे लहान तुकडे करतात. पण खास पाहुणे येणार असले, की काही घरांत बोकडाचा मागचा अख्खा पाय, म्हणजे रान, ओव्हनमध्ये भाजतात. पाश्चात्त्य देशांत नाताळला बरगडीचा मोठा तुकडा असाच अख्खा भाजण्याची पद्धत आहे.

अशा वेळी एक फजिती वारंवार होते. रान बाहेरून खरपूस दिसते. पण कापून पाहावी, तर हाडाजवळचे मांस कच्चेच! कच्चे राहील या भीतीने जास्त भाजावी, तर ती कोरडी आणि चिवट होते. महागामोलाचे मटण वाया जाते ते वेगळेच. शिवाय कच्च्या मांसामुळे पाहुण्यांचे पोट बिघडण्याचा धोका असतो. असे का होते?

उष्णतेचा संथ प्रवास

भोसरी, चिंचवड आणि चाकण भागांत गिअर, दांडे अशा पोलादी भागांवर उष्णोपचार करणाऱ्या भट्ट्या आहेत. तेथील कामगाराला एक गोष्ट पक्की ठाऊक असते. भट्टीचा काटा ठरलेल्या तापमानावर आला, म्हणजे आतील जॉब तितका तापला असे नव्हे. जॉबचा पृष्ठभाग आधी तापतो, गाभा मागाहून. म्हणून जॉब त्या तापमानात काही काळ 'मुरू' द्यावा लागतो. दर इंच जाडीला सुमारे एक तास, असा त्याचा जुना ढोबळ आडाखा आहे.

पोलाद तर उष्णतेचे चांगले वाहक! मांसात बहुतांश पाणी असते आणि त्यातून उष्णता फार हळू सरकते. साध्या पोलादाच्या तुलनेत मांसात उष्णता पसरण्याचा वेग पन्नास ते शंभर पटींनी कमी भरतो. म्हणूनच ओव्हनचे तापमान २०० अंश सें. असतानाही हाडाजवळचे मांस कितीतरी वेळ ३०–४० अंशांवरच रेंगाळते.

दुप्पट वजन, दुप्पट वेळ?

'किलोला एक तास, तर दोन किलोला दोन तास' असा हिशेब पुष्कळजण करतात. तो बरोबर नाही. उष्णता गाभ्यापर्यंत पोहोचण्याचा वेळ वजनावर नव्हे, तर जाडीच्या वर्गावर अवलंबून असतो. जाडी दुप्पट झाली, की वेळ सुमारे चौपट होतो.

एकाच आकाराचे दोन तुकडे घ्या. एकाची लांबी, रुंदी व जाडी दुसऱ्याच्या दुप्पट आहे. मोठ्याचे वजन आठपट भरेल, पण वेळ लागेल चौपट. याच नियमाने, एक किलोच्या तुकड्याला ६० मिनिटे लागली, तर त्याच आकाराच्या दोन किलोच्या तुकड्याला १२० नव्हे, तर सुमारे ९५ मिनिटे लागतील. आणि तुकडा नुसता लांबीने वाढला, जाडी तीच राहिली, तर वेळेत फारसा फरक पडणार नाही.

मांसात काय घडते?

सुमारे ५० अंशांपासून मांसातील प्रथिने आकसू लागतात. ६५ अंशांच्या पुढे आकसणे वाढते आणि तंतूंमधील पाणी पिळल्यासारखे बाहेर पडते. याच सुमारास मांसाचा लाल रंग जाऊन करडा-तपकिरी रंग येतो. मग रान मऊ होते कशाने? तंतूंना बांधून ठेवणारे कोलॅजन नावाचे चिवट प्रथिन ७०–८० अंशांच्या पुढे, सावकाश, जिलेटिनमध्ये बदलते. बोकडाचे पाय सतत काम करणारे असल्याने त्यांत कोलॅजन भरपूर असते. म्हणून रानेचा गाभा ८५–९० अंशांपर्यंत हळूहळू न्यावा लागतो. याउलट बरगडीलगतचे मांस मुळातच कोवळे असल्याने ते ६० अंशांच्या आसपासही मऊ लागते.

बाहेरचा खरपूस तपकिरी थर ही वेगळीच करामत आहे. पृष्ठभागावर पाणी आहे तोवर त्याचे तापमान १०० अंशांच्या वर जात नाही. तो कोरडा होऊन १४० अंशांच्या आसपास पोहोचला, की प्रथिनांतील अमिनो आम्ले आणि शर्करा यांची झपाट्याने प्रक्रिया होऊन रंग व सुवास निर्माण होतो. लुई-कामी मायार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ साली या प्रक्रियेचे वर्णन केले.

या थरामुळे 'रस आत कोंडला जातो' असा समज आहे. जर्मन रसायनशास्त्रज्ञ लीबिग यांनी १८४७ साली तसे मत मांडले होते. पण भाजताना येणारा चुर्र आवाज हा बाहेर पडणाऱ्या पाण्याचाच असतो! थर चवीसाठी हवा. तो पाणी अडवत नाही.

जंतूंचा प्रश्न

पिंपरीत १९५४ साली स्थापन झालेला हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना पेनिसिलिनसाठी प्रसिद्ध झाला. अशा औषधांच्या निर्मितीत टाक्या दाबाखालच्या, सुमारे १२१ अंशांच्या वाफेने निर्जंतुक करतात. स्वयंपाकात इतके कडक उपाय लागत नाहीत. तत्त्व मात्र तेच. पुरेसे तापमान, पुरेसा वेळ.

अख्ख्या तुकड्यात जंतू मुख्यतः पृष्ठभागावर असतात. पण मसाला मुरावा म्हणून आपण रानेला सुरीने चिरा देतो, तेव्हा ते आतही जातात. मग गाभाही नीट तापायला हवा. खिम्यासाठी ७१ आणि कोंबडीसाठी ७४ अंश ही सुरक्षित मर्यादा मानतात. रान ८५ अंशांवर गेली, की ही अट आपोआप पुरी होते.

म्हणून घड्याळापेक्षा तापमापकावर विसंबावे. स्वयंपाकाच्या तापमापकाची सळई सर्वांत जाड भागात, हाडाला न टेकवता खुपसावी. ओव्हन १५० अंशांच्या आसपास ठेवला, तर बाहेरचा भाग करपण्यापूर्वी गाभ्याला तापायला अवधी मिळतो. शेवटी थोडा वेळ आच वाढवून रंग आणावा. बाहेर काढलेली रान वीस मिनिटे झाकून ठेवावी. बाहेरच्या थरांतील उष्णता आत सरकत राहते आणि गाभा आणखी ३–५ अंशांनी तापतो. रसही थोडा घट्ट होतो व कापताना कमी वाहतो. उरलेले मटण मात्र दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवावे.

करून पाहा

सारख्या आकाराचे तीन मोठे बटाटे मोठ्या माणसांच्या देखरेखीखाली उकळत्या पाण्यात सोडा. एक ५ मिनिटांनी, दुसरा १० आणि तिसरा २० मिनिटांनी काढून लगेच मधोमध कापा. कडेला शिजलेले, अर्धपारदर्शक कडे आणि मध्ये पांढरा कच्चा गाभा दिसेल. कड्याची रुंदी पट्टीने मोजा. वेळ चौपट झाल्यावर रुंदी किती पट झाली? बटाटा गोल असल्याने उत्तर अगदी नेमके येणार नाही; पण जाडीच्या वर्गाचा नियम त्यात तुम्हाला ओळखता येईल.