चेक परत आला, आता केस कोणत्या गावी?

२०१४ सालच्या दिवाळीनंतरची गोष्ट. अकोल्याच्या आमच्या वस्तीतले एक गवंडी संध्याकाळी घरी आले. अमरावतीच्या एका ठेकेदाराकडे त्यांनी आणि त्यांच्या पत्नीने तीन महिने काम केले होते. हिशेबाचे अडतीस हजार रुपये ठेकेदाराने चेकने दिले. चेक अकोल्यातल्या खात्यात टाकला आणि तो न वटता परत आला. सोबत बँकेची चिठ्ठी : खात्यात पुरेशी रक्कम नाही.

मी त्यांना ओळखीच्या वकिलांकडे नेले. वकील म्हणाले, "केस अमरावतीच्या कोर्टात करावी लागेल." गवंडीदादा थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "भाऊ, तारखेले अमरावतीले गेलो तं त्या दिवसाची रोजी कोन देईन?" त्या प्रश्नाला आमच्यापैकी कोणाकडेच उत्तर नव्हते. केस झालीच नाही.

वकील चुकीचे सांगत नव्हते. चेक न वटणे हा गुन्हा ठरला तो १ एप्रिल १९८९ पासून. परक्राम्य संलेख अधिनियम, १८८१ या जुन्या कायद्यात कलम १३८ घालण्यात आले. दोन वर्षांपर्यंत कैद किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा त्यात आहे. पण केस कोणत्या गावच्या कोर्टात करायची, हे त्यात स्पष्ट लिहिलेले नव्हते.

१९९९ साली भास्करन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की या गुन्ह्याचे पाच टप्पे आहेत : चेक देणे, तो बँकेत टाकणे, तो परत येणे, नोटीस देणे आणि नोटिशीनंतरही पैसे न देणे. यांपैकी एक टप्पा जिथे घडला, तिथे केस चालेल. याचा फायदा गरिबाला झाला, तसा मोठ्या कंपन्यांनाही झाला. सोयीच्या शहरातून नोटीस पाठवायची आणि दूरच्या माणसाला तिथे खेचायचे, असे प्रकार होऊ लागले. २००८ च्या डिसेंबरमध्ये हर्मन इलेक्ट्रॉनिक्स खटल्यात न्यायालयाने बजावले की नुसती नोटीस पाठवल्याने त्या गावच्या कोर्टाला अधिकार मिळत नाही.

पुढचा निकाल आपल्या विदर्भाशी जोडलेला आहे. दशरथ रूपसिंग राठोड विरुद्ध महाराष्ट्र राज्य या नावाने तो ओळखला जातो. त्यात मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडून आलेले अपील होते. तक्रार यवतमाळ जिल्ह्यातील दिग्रसच्या कोर्टात होती आणि चेक भंडाऱ्याच्या बँकेवरचा होता. १ ऑगस्ट २०१४ रोजी तीन न्यायमूर्तींनी निर्णय दिला की चेक देणाऱ्याच्या बँकेची जी शाखा तो नाकारते, तेथील कोर्टातच केस चालेल. ज्या केसेसमध्ये पुरावा सुरू झालेला नव्हता, त्या तक्रारी त्या त्या गावी नव्याने दाखल करण्यासाठी परत दिल्या गेल्या. आमचे गवंडीदादा नेमके याच काळात सापडले.

या निर्णयाने ज्याचे पैसे बुडाले त्यानेच परगावी हेलपाटे घालायचे, अशी स्थिती झाली. सरकारने १५ जून २०१५ रोजी वटहुकूम काढला. त्याच वर्षी संसदेने दुरुस्ती कायदा केला आणि तो १५ जून २०१५ पासूनच लागू धरला. आज तोच नियम आहे.

आजचा नियम

चेक तुम्ही आपल्या खात्यात जमा केला असेल, तर तुमचे खाते ज्या शाखेत आहे त्या शाखेच्या हद्दीतील कोर्टात केस चालते. म्हणजे अमरावतीच्या ठेकेदाराचा चेक अकोल्याच्या खात्यात टाकला, तर केस अकोल्याला. मात्र बेअरर चेक घेऊन थेट ठेकेदाराच्या बँकेच्या खिडकीवर गेलात आणि तिथे तो नाकारला गेला, तर केस त्या शाखेच्या गावी. म्हणून चेक क्रॉस करून घ्यावा आणि खात्यातच टाकावा.

येथे एक खाचखळगा आहे. हल्ली चेक बँकेच्या कोणत्याही शाखेत टाकता येतो. पण कायदा चेक कुठे टाकला हे पाहत नाही, खाते कुठे आहे ते पाहतो. समजा तुम्ही राहता अकोल्याला, पण खाते गावाकडे मूर्तिजापूरला उघडलेले आहे. चेक अकोल्याच्या शाखेत टाकला तरी केस मूर्तिजापूरलाच होईल. २०२५ साली सर्वोच्च न्यायालयाने अशाच एका प्रकरणात हे स्पष्ट केले. तेथे चेक मुंबईत टाकले होते, खाते मंगळूरला होते, आणि अधिकार मंगळूरच्या कोर्टाचा ठरला. तेव्हा पासबुक काढून शाखेचे नाव आजच पाहा. शाखा दूर असेल तर खाते जवळ बदलून घ्या.

दिवस मोजा

चेकवरील तारखेपासून तीन महिन्यांच्या आत तो बँकेत टाकावा. परत आल्याचे बँकेकडून कळताच ३० दिवसांत चेकच्या रकमेची मागणी करणारी लेखी नोटीस स्पीड पोस्टाने पाठवावी. पावती जपावी. नोटीस मिळाल्यापासून १५ दिवसांत पैसे आले नाहीत, तर त्यानंतर एक महिन्याच्या आत प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे तक्रार करावी. तक्रारीला उशीर झाला तर सबळ कारण असल्यास कोर्ट तो माफ करू शकते. नोटिशीच्या ३० दिवसांना तशी सवलत नाही.

वकिलाच्या फीची चिंता असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जावे. १९८७ च्या कायद्याने स्त्रियांना व अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना मोफत वकील मिळतो. १९९० च्या दुरुस्तीनंतर बौद्धांनाही अनुसूचित जातीचा दाखला मिळतो. तो सोबत न्यावा.

गवंडीदादांच्या पेटीत तो चेक आणि बँकेची चिठ्ठी अजून आहे. सात-आठ महिन्यांत कायदा बदलला, पण नोटीस गेली नव्हती आणि मुदत निघून गेली होती. निदान नोटीस तरी पाठवा, एवढे मी त्या संध्याकाळी सांगायला हवे होते. मलाच ते ठाऊक नव्हते. तुम्हाला आता ठाऊक आहे. शेजाऱ्यालाही सांगा.