पावसाळी डबक्यातील बेडकांची अंडी कशी ओळखावीत?

मृगाच्या सरींनी काळ्या जमिनीच्या भेगा एकदा बुजल्या म्हणजे पाणी लवकर जिरत नाही, आणि परभणी जिल्ह्यात बांधाकडेच्या खोलगट जागा, ओढ्यांतील डबके व शेततळी भरू लागतात. उन्हाळाभर जमिनीत दडलेले बेडूक या वेळी बाहेर येऊन अंडी घालतात. दुर्दैवाने सोयाबीनच्या पेरणीनंतर तणनाशकाची फवारणीही याच दिवसांत होते, आणि फवारणीचा पंप पुष्कळदा जवळच्या डबक्यातच धुतला जातो. पिकावरील किडी खाणाऱ्या या प्राण्यांची एक पिढी त्या पाण्यात नष्ट होऊ शकते. म्हणून पंप पाण्याजवळ नेण्यापूर्वी आत काय आहे हे पाहून घ्यावे.

अंड्यांची मांडणी पाहिली की ओळख पटते. पाणवनस्पतींना गुंडाळलेला, बुळबुळीत पारदर्शक लांब दोरा व त्यात काळ्या मण्यांची रांग दिसल्यास ती खरखरीत कातडीच्या भेकाची अंडी होत. त्याची पिल्ले काळीभोर असून थव्याने फिरतात. पाण्यावर साय धरावी तसा बारीक अंड्यांचा एकेरी पातळ थर तरंगत असेल, तर तो बोटाच्या पेराएवढ्या चिमुकल्या बेडकाचा समजावा. मुंग्या व वाळवी हे त्याचे खाद्य. हौदाच्या भिंतीवर किंवा पाण्यावर झुकलेल्या पानांवर पांढरा फेस दिसल्यास तो कोणी सांडलेला साबण नव्हे. झाडावर राहणाऱ्या बेडकाचे ते घरटे असते, व पिल्ले त्यातून खाली पाण्यात पडतात.

पहिल्या पावसात डरांव डरांव करणारे पिवळेधमक मोठे बेडूक ही निराळी जात नव्हे. नेहमीच्या मोठ्या बेडकाचे नरच विणीच्या काळात तो रंग धारण करतात. त्यांच्या गळ्याच्या पिशव्या निळ्या दिसतात. या बेडकांच्या तंगड्या पूर्वी परदेशी जात. ती निर्यात भारत सरकारने 1987 साली बंद केली.

भेकाला हात लावल्याने चामखीळ होते ही समजूत निराधार आहे. तथापि त्याच्या कानामागील ग्रंथींतून विषारी स्राव येतो, म्हणून हात धुवावेत व डोळ्यांना लावू नयेत.

ग्रामसेवकांनी एक भेद अवश्य ध्यानी ठेवावा. डासाची अळी केसाळ, सडपातळ असून पाण्याच्या पृष्ठाशी लोंबकळते आणि हालचाल होताच वळवळत खाली जाते. बेडूकमाशाचे डोके गोल व शेपूट चपटे असते. घराजवळील डबके डासांसाठी बुजवावे. शेतातील डबक्यात बेडूकमासे दिसल्यास त्यात जळके तेल ओतू नये. पंप धुतलेले पाणी पडीक जागेत, विहीर व ओढ्यापासून दूर टाकावे.