आकडा आणि कारण

पत्रकार म्हणजे नुसता बातमी देणारा, असे मला वाटायचे. पण गुरुजींनी लातूरचे पत्रकार अतुल देऊळगावकर यांची माहिती सांगितली.

३० सप्टेंबर १९९३ रोजी पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारीला भूकंप झाला. गणपती विसर्जन करून दमलेले लोक गाढ झोपेत होते. हजारो माणसे दगावली. बातमीत आकडा आला. पण माणसे का मेली? चांगला पत्रकार हे विचारतो. देऊळगावकरांनी या भूकंपावर 'डळमळले भूमंडळ' हे पुस्तक लिहिले.

गुरुजी म्हणाले, "माणसे पडक्या घरांखाली मेली." दगडमातीच्या रुंद भिंती, वर जड माळवद. धक्का बसताच दगड सुटले आणि माळवद खाली आले.

आमच्या नांदेड जिल्ह्यातही माळवदाची घरे आहेत. आमचेही तसेच आहे. दर पावसाळ्याआधी वर नवी माती टाकतात. जुनी न काढल्यास भार वाढतो. मी हे घरी सांगितले. बाबा म्हणाले, "यंदा आधी जुनी माती उतरवू."

पालकांनो, तुम्हीही घरी गेल्यावर एकदा वर बघा.

— इयत्ता सातवी